दुसऱ्या बोटाची शाई

डोळे गेल्यापासून मी घराबाहेर पडले की ह्यांचं कोपर धरून चालते. ह्यांचं म्हणजे माझ्या नवऱ्याचं. नवऱ्याचं नाव घ्यायची मला कधी सवय नव्हती, आणि इथं तर मी कुणाचंच नाव घेणार नाही, उगीच गल्लीत भांडण नको. कोपर धरायला मला कुणी शिकवलं नाही. काचबिंदूनं आधी कडेचं दिसायचं बंद केलं, मग मधलंही. राजारामपुरीतल्या डॉक्टरनं एक दिवस, आता औषधाचा उपयोग नाही म्हणून सांगितलं, आणि दवाखान्याचा जिना उतरताना माझा हात आपसूक तिथं गेला. तेव्हापासून ते कोपर मला पाठ आहे. खड्डा आला की ते मागं सरतं, ओळखीचं कुणी भेटलं की वर उचलतं, आणि हे काही लपवत असले की ताठ होतं.

हे सगळं आधी सांगायचं कारण, माझं मत ह्या कोपरानं चोरलं आणि ह्या कोपरानंच मला तसं सांगितलं.

आमचं घर मंगळवार पेठेत. गल्लीच्या तोंडाला तालीम. हे तरुणपणी तिथं कुस्ती खेळायचे, आता गुडघे धरून उठतात, पण कोपऱ्यावरची माणसं अजून पैलवानच म्हणतात. आमच्याकडं निवडणूक आली की तालमीत बैठक बसते, कुणाला द्यायचं ते ठरतं, आणि हे घरी येऊन चप्पल काढता काढता आम्हाला सांगतात. लग्न झाल्यापासून असंच चालत आलेलं. डोळे होते तेव्हा मी मान हलवायची आणि आत गेल्यावर मला हवं ते करायची. मतदानाच्या खोक्याच्या आड कोण बघायला येतंय. त्यामुळं भांडायची वेळच कधी आली नाही.

डोळे गेल्यानंतरचं ते पहिलं मतदान. उभ्या राहिलेल्यांत एक बाई होती. आमच्या गल्लीत नळाला करंगळीएवढी धार यायची, तेव्हा मतं मागायला सगळे येऊन गेले, पण ही एकटी नळाखाली स्वतः घागर लावून ती भरेपर्यंत आमच्या उंबऱ्यावर बसून राहिली होती. बोलली फार नाही. घागर किती वेळात भरते ते तिला बघायचं होतं. मी त्याच दिवशी मनाशी ठरवलं, मत हिला. तिचं बटण वरून दुसरं, एवढं मी सुनेकडून विचारून घेतलं.

शाळेतल्या खोलीत गेल्यावर साहेबांनी सांगितलं, दिसत नसेल तर सोबतच्या माणसानं बटण दाबायचं, नियम आहे. सोबतच्या माणसाच्याही बोटाला शाई लावतात, उजव्या हाताच्या. ह्यांचं स्वतःचं मत देऊन झालेलं होतं, म्हणजे डाव्या बोटाला शाई आधीच होती. आम्ही दोघं खोक्याच्या आड गेलो. मी ह्यांच्या कानाशी लागून म्हटलं, "वरनं दुसरं." माझा हात कोपरावरच होता. ते कोपर पुढं गेलं नाही. ते खाली गेलं, चांगलं खाली, खांदासुद्धा वाकला. मग मशीन वाजलं.

"दाबलं न्हवं दुसरं?" मी विचारलं.

"व्हय की."

कोपर ताठ. मी आत काही बोलले नाही, चार माणसांत तमाशा नको म्हणून. बाहेर कोपऱ्यावर तालमीतली मंडळी बसलीच होती. त्यातलं एक म्हणालं, "काय पैलवान, दोन्ही हातांची बोटं रंगवून आलासा. दोन मतं टाकली जणू." सगळे हसले. हेही हसले. ते हसणं मी ओळखते, डाव जिंकल्यावरचं असतं.

घरी आल्यावर मी दार लावून घेतलं आणि सरळ विचारलं. ह्यांनी नाकारलं नाही, तेवढा सरळपणा आहे माणसात. म्हणाले, "घरात दोन मतं असत्यात व्हय? घराचं मत एकच असतंय. आणि ती बाई काय निवडून येणार हाय?"

"मग मला नेलंसा कशाला? शाई लावायला?"

"आता तुला दिसत न्हाय, त्याला मी काय करू?"

डोळे गेले तेव्हा मी रडले होते, पण ते नशिबावर रडणं होतं. ह्या वाक्यानं मला जो अपमान वाटला तसा आयुष्यात कधी वाटला नव्हता. सासूनं बोललेलं मी विसरले, हे नाही विसरले. त्या दिवशी भाकऱ्या इतक्या जोरात थापल्या की शेजारीण बघायला आली. आणि थापता थापताच मी ठरवलं, पुढच्या खेपेला मी आत एकटी जाणार. कशी जाणार ते ठाऊक नव्हतं. पण जाणार.

भाकरीचं सांगायला हवं, कारण पुढं सगळं घोडं तिथंच अडलं. राजारामपुरीत क्लासला आलेली पोरं जेवतात त्या एका खानावळीला मी वर्षानुवर्षं भाकऱ्या करून देते. डोळे गेल्यावर लोकांना वाटलं, आता हिचा तवा थंड झाला. पण भाकरी डोळ्यांनी होत नाही. पीठ हाताला सांगतं, पाणी किती ते. तव्यावर भाकरी सुटली की तिचा आवाज बदलतो. आणि उलटायला आम्ही उलथणं घेत नाही, बोटांनीच उलटतो. उलथणं घेणारीला आमच्याकडं शिकाऊ समजतात.

अडचण डब्यांची व्हायची. एका मापाचे सगळे डबे, झाकण उघडून वास घ्यायचा आणि मग कळायचं. मग मीच एक युक्ती काढली. पुठ्ठ्याचे तुकडे कापले आणि गोणी शिवायच्या दाभणानं त्यांना मागून टोचलं, म्हणजे पुढं उंचवटे येतात. हळदीला एक, धण्याला दोन, जिऱ्याला तीन, असं करत करत ते तुकडे डब्यांना बांधले. चार-पाच डब्यांपर्यंत झकास चाललं. मला वाटलं, जिंकलं. पुढं टिंबं इतकी झाली की बोटाला मोजता येईनात. मोजताना मध्येच चुकायचं आणि परत पहिल्यापासून. एका रविवारी पाहुणे जेवायला होते, मी रश्श्यात मसाला म्हणून नाचणीचं पीठ ढकललं. ह्यांनी एक घास घेतला आणि म्हणाले, "रस्सा न्हवं, आंबील झालीया." पाहुण्यांनी दोन दोन वाट्या पिऊन दाखवल्या, बिचारे.

ते पुठ्ठे सुनेनं हातात घेऊन बघितले. ती म्हणाली, "आई, तुम्ही जे करताय ते शिकवणाऱ्या एक बाई आहेत. ब्रेल म्हणतात त्याला." राजारामपुरीत एका दवाखान्याच्या वरच्या खोलीत त्यांचा वर्ग भरायचा. मी ह्यांना म्हटलं, मला तिथं सोडा. हे म्हणाले, "ह्या वयात शाळा?" पण गाडी काढली.

बाई गारगोटीकडच्या. माझ्या लेकीच्या वयाच्या, जन्मापासून न दिसणाऱ्या, एकट्या एसटीनं ये-जा करणाऱ्या. तोंडाच्या फटकळ, म्हणून माझं त्यांचं पहिल्याच दिवशी जमलं. मी माझ्या पुठ्ठ्यांची गोष्ट सांगितली तर त्या मनापासून हसल्या आणि म्हणाल्या, "काकू, ज्यानं ही लिपी काढली त्याच्या आधीच्याचंबी असंच झालतं."

मग त्यांनी सांगितलं ते असं. फ्रान्स देशात, खूप जुन्या काळी, घोड्याचं सामान शिवणाऱ्याचा एक लहान मुलगा होता. बापाच्या दुकानात खेळताना चामडं टोचायची आरी डोळ्यात गेली. एक डोळा गेला, त्याच्या मागोमाग दुसराही. मोठा होऊन तो आंधळ्यांच्या शाळेत गेला. तिथं लष्करातल्या एका माणसानं काढलेली टिंबांची लिपी आली, अंधारात हातानं वाचता यावी म्हणून काढलेली. पण तिच्यात टिंबं फार. एका अक्षराची टिंबं बोटाखाली मावत नसत, बोट वर-खाली न्यावं लागे, आणि वरचं वाचून खाली जाईस्तोवर वरचं विसरे. त्या पोरानं ती निम्मी केली. सहा टिंबं, दोन उभ्या ओळींत तीन तीन. बोट ठेवलं की अक्षर एकदम बोटाखाली. कुठलं टिंब आहे आणि कुठलं नाही एवढंच बघायचं, मोजायचं नाहीच.

कोल्हापुरात राहून आरी कुणाला ठाऊक नाही. चप्पल शिवणाऱ्याच्या दुकानात ती समोरच पडलेली असते. ज्या हत्याराच्या टोकानं त्याचे डोळे घेतले, तसल्याच टोकानं तो कागद टोचत बसला, हे ऐकून माझ्या अंगावर काटा आला. पण खरं सांगायचं तर त्याच्याहून जास्त मला राग आला. इतकं साधं होतं तर मला का नाही सुचलं? मी एक, दोन, तीन मोजत बसले आणि त्यानं मोजणंच काढून टाकलं.

"तुम्हाला कशाला शिकायचं हाय?" बाईंनी विचारलं. "डब्यांसाठी?"

मी कोपराची गोष्ट सांगितली. बाई ऐकून म्हणाल्या, "काकू, मशीनवर टिंबं असत्यात की. प्रत्येक बटणाशेजारी नंबर, आमच्या लिपीत. आणि उमेदवारांच्या नावांचा कागदबी असतोय टिंबांचा, मागितला की देतात. माझं मत मीच देते."

मी खुर्चीतच बसून राहिले. म्हणजे त्या दिवशी ती टिंबं तिथं होती, माझ्यापासून हातभर अंतरावर, आणि माझा हात दुसऱ्याच्या कोपरावर होता. "शिकवा," मी म्हटलं. "डबे गेले खड्ड्यात."

आता भाकरीकडं येऊ. बाईंनी माझं उजव्या हाताचं पहिलं बोट कागदावर ठेवलं आणि विचारलं, काय लागतंय. मी म्हटलं, खसखस सांडल्यागत लागतंय. दुसरं बोट ठेवलं, तेच. बाईंनी माझी बोटं हातात घेऊन चाचपली आणि म्हणाल्या, "काकू, ही बोटं न्हवंत, उलथणी हायत." खरंच होतं ते. तव्यावरच्या भाकऱ्या उलटून उलटून शेंडे चामड्यासारखे झालेले. पुठ्ठ्यावरची दाभणाची टिंबं मोठी, ती लागायची. ही बारीक टिंबं त्या बोटांना दिसेनात. ज्या हातांचा मला आयुष्यभर तोरा, त्यांनीच ऐन वेळी दगा दिला.

मी घरी येऊन जेवले नाही. ह्यांनी विचारलं तर सगळं सांगितलं, कशासाठी शिकतेय तेही. लपवून काही करायचं नव्हतं मला. "पुढच्या मतदानाला मी एकटी आत जाणार हाय. तुमच्या कोपराशिवाय."

हे म्हणाले, "मशीन वाचणार व्हय तू? बोटांनी?" आणि हसले.

"हसा. पण सकाळी गाडी काढा."

गाडी काढली. पावसात काढली, उन्हात काढली, गुडघा सुजला होता तेव्हाही काढली. ज्या कामासाठी मी जात होते त्याची चेष्टा करायची आणि तिथंच मला वेळेवर पोचवायचं, असा हा माणूस. मला त्याचा राग यायचा आणि राग धरवायचाही नाही.

बाईंनी हार मानली नाही. माझी एकेक करून सगळी बोटं कागदावर ठेवून बघितली. डाव्या हाताचं करंगळीशेजारचं बोट ठेवलं तेव्हा मी एकदम थांबले. टिंब लागलं. स्पष्ट, सुईच्या टोकाएवढं, एकटं. भाकरी उलटताना ते बोट कधी तव्याला लागत नाही, ते आपलं वर उचललेलं असतं, आयतोबा. "हेच ते," बाई म्हणाल्या. वर्गात त्या बोटानं वाचणारी मी एकटीच. बाकीच्यांनी पहिल्या बोटानं पानं संपवली तरी माझी ओळ सरायची नाही. बाई कडक होत्या. चुकलं की, "परत. भाकरी करपली, दुसरी घाला," म्हणायच्या.

आणि मी उलथणं घेतलं. बोट आणखी बिघडू नये म्हणून दोन्ही हात तव्यापासून लांब ठेवले. शेजारणी हसल्या. माझी थोरली जाऊ म्हणाली, "काय गं, नवी नवरी झालीस व्हय?" मला ते फार लागलं. पण मी मनात म्हणायची, थांबा जरा. अक्षरं आली. मग जोडाक्षरं आली, त्यांनी रडवलं. मग आकडे आले. आकड्याच्या आधी त्याची एक खूण येते, ती लागली की पुढची टिंबं अक्षर म्हणून न वाचता आकडा म्हणून वाचायची. आकडे मी इतके घोकले की झोपेतही बोट उशीवर चालायचं.

मग निवडणूक आली. तालमीत बैठक बसली. ह्यांनी चप्पल काढता काढता कुणाला द्यायचं ते सांगितलं, मी ऐकून घेतलं. ती नळाची बाई ह्या खेपेला पुन्हा उभी होती. मी कुणाला द्यायचं ठरवलं ते ह्यांना सांगितलं नाही, सुनेला नाही, बाईंना नाही, आणि इथंही सांगणार नाही.

शाळेत गेलो. ह्यांचं मत आधी झालं. मग माझी पाळी. ह्यांचं कोपर धरून मी टेबलापर्यंत गेले. साहेब पोरसवदा आवाजाचे. म्हणाले, "आजी, सोबत कोण आहे?"

"मी हाय की," हे म्हणाले. सवयीनं म्हणाले असतील, किंवा शेवटची एक संधी बघत असतील, मी आजवर विचारलेलं नाही. साहेबांनी ह्यांच्याकडं सहीसाठी कागद सरकवला, बाजूला शाईची बाटली उघडल्याचा आवाज आला.

मी कोपर सोडलं. "ह्यांच्या बोटाला हात लावू नका. ह्यांचं मत झालंय. मला टिंबांचा कागद द्या."

साहेबांना क्षणभर कळलंच नाही. मग त्यांनी शेजारच्यांना विचारलं, पिशवी उपसली, आणि तळातून तो कागद काढला. घडी न मोडलेला. आजवर इथं कुणी मागितलाच नसावा. मला खुर्ची दिली. मी बोट ठेवलं आणि काहीच लागेना. हाताला घाम फुटला होता, टिंबं त्यात बुडाली. मागं रांग खोळंबलेली. एकजण म्हणाला, "ओ काकू, दुपार हुईल की." वाटलं, हात वर करावा, हाक मारावी, ते कोपर दोन पावलांवरच आहे. ते धरलं की सुटले. इतक्या दिवसांचं शिकणं एका बाजूला आणि ती ओढ एका बाजूला, आणि खरं सांगते, ओढ जड होती.

मी पदराला बोट पुसलं. "दमा पावणं," मागं वळून म्हटलं. "तुमचं हुतंय चटाचट, माझं बी हुईल." आणि परत पहिल्या ओळीवर गेले. पहिलं अक्षर लागलं. मग दुसरं. नाव झालं. खालची ओळ, ते नाव झालं. मला हवं होतं ते नाव आलं तेव्हा त्याच्यावरून मी बोट तीनदा फिरवलं, त्याच्या आधीचा आकडा वाचला, आणि उठले.

साहेबांनी माझ्या डाव्या हाताच्या पहिल्या बोटाला शाई लावली आणि खोक्याच्या दिशेनं वळवून उभं केलं. पुढं मी एकटी. मशीन गार होतं. वरून एकेक आकडा चाचपत मी खाली आले, माझा आकडा लागला, पुन्हा वर जाऊन खाली आले, पुन्हा तोच लागला. बटण दाबलं. मशीन वाजलं आणि वाजतच राहिलं, निदान मला तसं वाटलं. मी तिथं उभी राहून रडले. कुणाला दिसलं नाही, आणि दिसलं असतं तरी मला काही वाटलं नसतं.

बाहेर आले तर हे दारातच होते. कोपर माझ्या हाताला लावलं, मी धरलं. ते ताठही नव्हतं आणि ढिलंही नव्हतं, असं कोपर मी आधी कधी धरलं नव्हतं. मला वाटलं, आता विचारतील, कुणाला दिलंस. अख्खा रस्ता गेला, विचारलं नाही.

कोपऱ्यावर तालमीतली मंडळी होतीच. तोच मागचा आवाज म्हणाला, "काय पैलवान, औंदा एकच बोट रंगलंय? वहिनींचं बटण कुणी दाबलं?"

हे थांबले. मीही थांबले.

"तिचं तिनं दाबलं," हे म्हणाले. "माझं मत एकच हाय."